बडोद्याचे दप्तर यंत्राच्या हाती देण्याआधी

कृत्रिम बुद्धिमत्तेची चर्चा निघाली की बोलणे नोकऱ्यांवर येते, मुलांच्या शिक्षणावर येते, फार तर लढाईतल्या यंत्रांवर येते. सगळे पुढचे. पण याच तंत्रामुळे एक मोठा बदल मागच्या बाजूलाही होतो आहे आणि त्याकडे आपले लक्ष नाही. शे-दोनशे वर्षांत ज्या कागदांची गाठ कोणी सोडली नाही, ते कागद आता यंत्र वाचू लागले आहे. यापुढे भूतकाळाबद्दल माणूस जो प्रश्न विचारील त्याचे उत्तर बहुधा यंत्राने वाचलेल्या मजकुरातून येईल. बडोदे, इंदूर आणि ग्वाल्हेर इथल्या मराठी माणसाच्या हा प्रश्न थेट दाराशी आहे, कारण गायकवाड, होळकर आणि शिंदे यांच्या राज्यांतला जुना मराठी कारभार मोडी लिपीत लिहिलेला आहे आणि मोडी वाचणारी माणसे या तिन्ही शहरांत हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी उरली आहेत.

मोडी वाचणारे यंत्र आपल्याला हवेच आहे. त्याचे काम मात्र शोधसूची करण्याचे असावे. इतिहासात, कोर्टात किंवा सरकारी नोंदीत जाणारा मजकूर जाणत्या माणसाने मूळ कागदाशी ताडून पाहिल्याशिवाय पुढे जाऊ नये. आणि यंत्रावर जितका खर्च होईल तितकाच मोडीचे वाचक तयार करण्यावर व्हावा, तोही त्याच वर्षी, मागाहून नव्हे.

यंत्र का हवे, हे साध्या हिशेबाने कळते. एक जाणकार दिवसाला दहा पाने वाचून बालबोधीत, म्हणजे देवनागरीत, उतरवतो असे धरू. घसटलेल्या कागदांवर हा वेग फार झाला, तरी धरू. वर्षाचे कामाचे दिवस अडीचशे. म्हणजे वर्षाला २,५०० पाने, आणि एक लाख पानांना चाळीस वर्षे. एक माणूस, एक आयुष्य, एक लाख पाने. आयआयटी रुरकीच्या गटाने २०२५ मध्ये मोडीवरून देवनागरी करणारे एक मॉडेल, म्हणजे उदाहरणांवरून शिकणारी संगणक-प्रणाली, मांडले. त्यांच्या शोधनिबंधात न वाचलेल्या मोडी कागदांचा अंदाज चार कोटींचा दिला आहे. हा आकडा निम्म्यावर आणला तरी माणसांच्या भरवशावर हे काम होणार नाही. बडोदे सरकारच्या नोकरीत उमेदीची वर्षे घालवलेल्या गोविंद सखाराम सरदेसाईंनी निवृत्तीनंतर पेशवे दप्तरातून निवडक कागदांचे ४५ खंड १९३० ते १९३४ या काळात काढले. ते काम डोंगराएवढे आहे, आणि तरीही ती निवडच होती. न निवडलेला कागद आजही रुमालात, म्हणजे कापडी गाठोड्यातच आहे.

इकडे डच राष्ट्रीय अभिलेखागाराने त्यांच्या ईस्ट इंडिया कंपनीची लक्षावधी हस्तलिखित पाने यंत्राकडून वाचून घेतली. या कंपनीची वखार सुरतेला होती. सुरतेच्या डच अधिकाऱ्यांनी मराठ्यांबद्दल काय लिहिले हे एखाद्याला घरबसल्या शब्द टाकून शोधता येते, आणि मराठ्यांनी स्वतःबद्दल काय लिहिले ते शोधायला मात्र अभिलेखागारात जाऊन गाठोडे सोडावे लागते. ही तफावत दहा वर्षे राहिली तर पुढचा इतिहास कोणाच्या नजरेने लिहिला जाईल हे सांगायला नको.

आता यंत्र वाचते कसे आणि अडखळते कुठे, ते नीट पाहिले पाहिजे, कारण सगळा वाद त्यावरच उभा आहे.

कामाच्या पायऱ्या चार. पानाचे चित्र घ्यायचे, त्यातल्या ओळी वेगळ्या काढायच्या, प्रत्येक ओळीची पट्टी मॉडेलला द्यायची, आणि निघालेला मजकूर तपासायचा. मॉडेल शिकवण्यासाठी आधी माणसाने अचूक उतरवलेली पाने लागतात. युरोपात हस्तलिखितांसाठी रूढ असलेल्या ट्रान्सक्रिबस या साधनाची शिफारस सुरुवातीला पाच ते पंधरा हजार शब्दांची, म्हणजे साधारण २५ ते ७५ पानांची आहे. ही पाने एकाच हाताची किंवा एकाच काळातली असली तरच एवढ्यावर भागते. मोडीचे शिवकालीन, पेशवेकालीन आणि आंग्लकालीन वळण वेगवेगळे आहे. एका वळणावर शिकवलेले मॉडेल दुसऱ्यावर चालवले तर ते थांबत नाही, चुकत जाते.

मोडीचे स्वरूपच यंत्राला कठीण आहे. कारकून आधी पानभर शिरोरेषा ओढून घेई आणि मग तिच्याखाली हात न उचलता लिहीत जाई. शब्दाशब्दांत जागा नाही, विरामचिन्हे नाहीत. ऱ्हस्व-दीर्घाचा भेद मोडी पाळत नाही. त्यामुळे 'सुत' म्हणजे मुलगा आणि 'सूत' म्हणजे धागा कागदावर सारखेच दिसतात, कोणता घ्यायचा ते वाक्यावरून ठरते. उकार व्यंजनाला चिकटून अक्षराचा आकारच पालटतो. र तर जागेप्रमाणे रूप बदलतो. शब्दांची संक्षिप्त रूपे भरमसाट, आणि संक्षेप दाखवायला उभी रेघ. आणि हिशेबात रकमेमागची एक उभी रेघ म्हणजे पाव, दोन म्हणजे अर्धा, तीन म्हणजे पाऊण. म्हणजे जी रेघ पत्रात संक्षेप सांगते तीच जमाखर्चात चार आणे सांगते. हे माणसाला पानाच्या मांडणीवरून कळते. ओळीची पट्टी कापून दिलेल्या मॉडेलला मांडणी दिसतच नाही.

कालगणनेत तर धोका फार मोठा आहे. पेशवाईतल्या कागदांवर सुहूर सन, म्हणजे तेव्हाच्या कारभारातली कालगणना, असतो आणि तो अरबी संख्यांच्या शब्दांत, एकम्, दशम्, शतम्, सहस्र अशा चढत्या क्रमाने लिहिलेला असतो. 'तिसा सबैन मया व अलफ' म्हणजे नऊ, सत्तर, शंभर आणि हजार, एकूण ११७९. त्यात ५९९ मिळवले की इसवी सन १७७८ येते. वर्ष मृगाच्या सुमारास सुरू होत असल्याने हा सन १७७९ च्या उन्हाळ्यापर्यंत चालतो. आता यंत्राने 'सबैन'च्या जागी 'तिसैन' वाचले असे समजा. दोन्ही शब्दांचा शेवट सारखा आहे आणि घाईच्या अक्षरात सुरुवात पुसट असते. सन झाला ११९९, इसवी १७९८-९९. कागद वीस वर्षे पुढे सरकला. पहिल्या सनात बडोद्याचा कारभार फत्तेसिंगरावांच्या हाती होता, दुसऱ्यात गोविंदरावांच्या. मधल्या काळात १७९४ मध्ये महादजी शिंदे गेले, १७९५ मध्ये अहिल्याबाई आणि सवाई माधवराव गेले. उज्जैन, महेश्वर आणि पुणे या तिन्ही ठिकाणची घडी मोडली, तिच्या अलीकडचा कागद पलीकडे जाऊन बसला. चूक किती, तर एका शब्दातली दोन अक्षरे.

म्हणूनच 'मॉडेल ९५ टक्के अचूक आहे' असे कोणी सांगितले तर त्यावर लगेच मान डोलवू नये. हा आकडा बहुधा अक्षरांचा असतो. शंभरात पाच अक्षरे चुकतात असे धरले तर पाच अक्षरांचा शब्द पूर्ण बरोबर येण्याची शक्यता साधारण ७७ टक्के, म्हणजे चार-पाच शब्दांत एक चूक. शंभरात दहा चुकत असतील तर पाचांतले दोन शब्द बिघडलेले. चुकीचे प्रमाण दोन टक्क्यांवर आणले तरी दहांतला एक शब्द जातो. शिवाय चुका सगळीकडे सारख्या पसरत नाहीत. 'येणेप्रमाणे', 'आज्ञा प्रमाण', 'जाणिजे' हे शब्द हजारदा येतात आणि मॉडेल ते पाठ करते, त्यामुळे सरासरी छान दिसते. विशेषनामे, गावे, अंक आणि सन एकेकदाच येतात आणि चुका तिथेच साठतात. इतिहासाला आणि कायद्याला नेमके तेच लागते. मॉडेलची परीक्षा घेताना नावे, अंक आणि सन यांचे गुण वेगळे मागितले पाहिजेत. परीक्षेची पानेही वेगळ्या कारकुनाच्या हाताची हवीत. शिकवायला घेतलेल्या रुमालातलीच चार पाने बाजूला काढून परीक्षा घेतली तर मॉडेल हुशार ठरते आणि पुढचा रुमाल उघडल्यावर आपटते.

गेल्या काही वर्षांत या सगळ्यात आणखी एक वळण आले आहे, आणि मला सर्वांत जास्त काळजी त्याचीच वाटते. जुन्या पद्धतीचे मॉडेल अक्षरामागे अक्षर ओळखत जाई. त्याला कळले नाही की निरर्थक अक्षरांचे कडबोळे बाहेर पडे आणि वाचणाऱ्याला चूक लगेच दिसे. आजची चित्र पाहून मजकूर लिहिणारी मॉडेल्स भाषेच्या प्रचंड साठ्यावर वाढलेली आहेत. अक्षर दिसले नाही तर ती तिथे काय असणे संभवते ते लिहितात, आणि ते वाक्य अस्खलित असते. वाळवीने खाल्लेल्या जागी नाव येते, फाटलेल्या कोपऱ्यात सन येतो. 'जाहला' लिहिलेले असते तिथे 'झाला' येते, कारण मॉडेलने 'झाला' लाखो वेळा पाहिले आहे. बडोद्याच्या कागदातले गुजराती वळणाचे मराठी असे परस्पर सरळ केले जाते. पुण्याच्या कागदांवर शिकलेल्या मॉडेलला पेटलाद, ओखामंडळ, गरासिया, मेहवासी हे शब्द अनोळखी असतात, म्हणून ते जवळपासचा ओळखीचा शब्द बसवते. बाबाशाई रुपया हे बडोद्याचे नाणे. ते एखाद्या 'बाबासाहेबां'च्या नावावर खर्ची पडायला वेळ लागणार नाही. चूक ओळखू येईनाशी झाली की तपासणारा माणूसही हळूहळू तपासणे सोडतो. सलग, सुबक मजकूर समोर असला की मूळ चित्र उघडून पाहण्याची इच्छाच मरते.

आणि ती चूक तिथेच थांबत नाही. चुकीचे वाचन संकेतस्थळावर चढते. पुढचे मॉडेल तो मजकूर खाऊन वाढते. मग तोच कागद त्याला दाखवला तर ते आधीच्याच चुकीचे वाचन देते, आणि पाहणारा म्हणतो, दोन यंत्रांनी एकच सांगितले, म्हणजे खरे असणार. प्रत्यक्षात साक्षीदार एकच, तोही खोटा. मानवजातीच्या भविष्याबद्दल बोलताना यंत्र माणसाहून शहाणे होईल का, हा प्रश्न मोठ्या आवाजात विचारला जातो. मला त्याआधी याची धास्ती वाटते की यंत्राने चुकीचे सांगितले हे ओळखणारा माणूस उरणार नाही. मोडीच्या बाबतीत ती वेळ शंभर वर्षांनी येणारी नाही. आजचे जाणकार वयस्कर आहेत.

एका शब्दाला किती वजन असते हे महाराष्ट्राने नुकतेच पाहिले. २०२३ मध्ये न्यायमूर्ती संदीप शिंदे समिती कुणबी नोंदी शोधू लागली आणि गावोगावच्या मोडी कागदांना एकाएकी महत्त्व आले. मोडी वाचणाऱ्यांची शोधाशोध झाली. कागदावरच्या एका शब्दावर कोणाचा दाखला अवलंबून असेल तर तो शब्द यंत्राच्या अंदाजावर सोडता येत नाही, मग तो अंदाज कोणाच्या बाजूचा असो. इनामे, वतने, देवस्थानच्या जमिनी यांचेही तेच.

महाराष्ट्रात निदान कागदांची आणि राज्याची भाषा एक आहे. आपली, म्हणजे महाराष्ट्राबाहेरच्या मराठी माणसाची, अडचण निराळी. बडोदे संस्थान १९४९ मध्ये मुंबई राज्यात विलीन झाले आणि १९६० मध्ये गुजरातेत राहिले. होळकर आणि शिंद्यांची राज्ये आधी मध्य भारतात आणि १९५६ पासून मध्य प्रदेशात. या दोन्ही राज्यांनी कागद सांभाळले, त्याबद्दल त्यांचे ऋण मानले पाहिजे. पण गुजरात सरकारच्या दृष्टीने हे परभाषेतले कागद आणि महाराष्ट्र सरकारच्या दृष्टीने परराज्यातले. दोघांच्याही याद्यांत ते शेवटी येतात. त्यात केंद्राच्या धोरणाची एक गाठ आहे. २००३ मध्ये सुरू झालेल्या राष्ट्रीय पांडुलिपी (हस्तलिखित ग्रंथ) मिशनच्या व्याख्येत फर्माने आणि महसुली नोंदी यांना पांडुलिपींपासून वेगळे काढले आहे. म्हणजे पोथी आत आणि दप्तर बाहेर. २०२५-२६ च्या अर्थसंकल्पात एक कोटीहून अधिक पांडुलिपींसाठी ज्ञान भारतम् मिशन जाहीर झाले. त्यात राज्यांच्या आणि संस्थानांच्या दप्तरांना स्पष्ट जागा मिळावी, अशी मागणी बडोदे, इंदूर आणि ग्वाल्हेर इथल्या मराठी संस्थांनी एकत्र येऊन करायला हवी. संमेलनांत ठराव करण्याजोगा याहून तातडीचा विषय मला दिसत नाही.

'दोन वर्षांत यंत्र इतके सुधारेल की माणसांची गरजच उरणार नाही,' असे तंत्रज्ञ म्हणतात. ते सुधारेल, यात शंका नाही. पण सुधारले हे ठरवणार कोण? त्यासाठी अचूक वाचलेली पाने लागतात आणि ती माणूसच देतो. वाचक संपले की मोजपट्टी संपली; मग मॉडेलची जाहिरात हाच त्याचा पुरावा. दुसरा आक्षेप इतिहासप्रेमींचा असतो: यंत्र कागदाला लावूच नका. तोही मला पटत नाही. न वाचलेला कागदही नष्ट होतच असतो, फक्त चुकीचा न वाचला जाता.

बडोद्यात काम सुरू करायचे तर निवड काळजीने करावी. पहिल्यांदा राजकीय पत्रव्यवहाराकडे जाऊ नये, मोह कितीही झाला तरी. फरासखाना, मुदपाकखाना, जामदारखाना अशा वाड्यातल्या खात्यांच्या जमाखर्चाचा एखादा रुमाल घ्यावा, एका काळातला, शक्यतो एका हाताचा. तेच शब्द वारंवार येतात, बेरजा असतात, आणि बेरीज जुळते की नाही यावरून अंकांचे वाचन आपोआप तपासता येते. शिवाय या कागदांवर कोणाच्या कुळाचा किंवा जमिनीचा दावा अडकलेला नसतो.

चित्रे ४०० डीपीआयला, म्हणजे इंचाला ४०० ठिपके या घनतेला, रंगीत घ्यावीत. काळ्या-पांढऱ्यात पाठीमागची उमटलेली शाई पुढच्या अक्षरात मिसळते. एफोर आकाराचे एक रंगीत पान या घनतेला दाबल्याशिवाय साधारण ४६ एमबी होते, म्हणजे लाख पानांना साडेचार टीबीच्या वर, आणि प्रती दोन हव्यात, वेगवेगळ्या इमारतींत. हा खर्च आज आवाक्यातला आहे. पानाची पाठ सोडू नये. पत्र पावल्याची नोंद अनेकदा तिथेच असते. बंदाला बंद (तुकड्याला तुकडा) चिकटवलेले लांब कागद तुकड्यांत घ्यावे लागतात, तेव्हा सांध्यावरची अक्षरे दोन्ही चित्रांत यायला हवीत. काजळाची शाई उन्हाने फारशी उडत नाही, पाण्याने मात्र धुतली जाते, म्हणून कागद सपाट करण्यासाठी ओलावा द्यायचा तर तो जतनाचे शिक्षण घेतलेल्या माणसानेच द्यावा. काही गाठोड्यांत मोडीबरोबर गुजराती कागदही असतात, तेव्हा आधी लिपीप्रमाणे वर्गवारी करावी, नाहीतर मोडीचे मॉडेल गुजराती पानावरही बिनदिक्कत मराठी लिहील.

मग शंभर पाने दोन वाचकांनी एकमेकांचे न पाहता उतरवावीत आणि तिसऱ्याने फरक मिटवावेत. जिथे तिघांनाही लागत नाही तिथे तसे चिन्ह टाकावे, रिकामी जागा भरू नये. मूळचे ऱ्हस्व-दीर्घ, 'जाहला', संक्षेप, सगळे जसेच्या तसे ठेवून आधुनिक रूप दुसऱ्या ओळीत द्यावे. मोडीला युनिकोडमध्ये, म्हणजे संगणकावरच्या अक्षरांच्या जागतिक संकेतसंचात, २०१४ पासून स्वतःची जागा आहे, फाँट उपलब्ध आहेत, त्यामुळे बालबोधीबरोबर मोडी मजकूरही साठवता येतो. मॉडेल शिकल्यावर त्याला एकच उत्तर मागू नये. 'सबैन' की 'तिसैन' याच्या शक्यता ते मोजतच असते, त्या दोन्ही सूचीत ठेवाव्यात. शोधणाऱ्याला दोन्ही सनांखाली कागद सापडेल आणि निर्णय तो चित्र पाहून करील. सुहूर सन, चांद्र तारीख, शक आणि वार यांपैकी दोन जरी पानावर असतील तर त्यांचा मेळ संगणकाने घालून पाहावा. मेळ बसला नाही ते पान आधी माणसाकडे जावे.

वाचक कोठून आणायचे? दांडिया बाजार आणि रावपुऱ्यातल्या मराठी घरांतली मुले आज गुजराती किंवा इंग्रजी माध्यमात शिकतात. त्यांच्याकडे पुण्याच्या वाचकापेक्षा एक गोष्ट जास्त आहे: इथल्या गावांची नावे आणि गुजराती शब्द त्यांच्या कानावर आहेत. अक्षरओळख काही आठवड्यांत होते, जुना कागद वाचायला वर्षे लागतात, म्हणून वर्ग चाचणीपुरता चालवून बंद करण्यात अर्थ नाही. त्या वर्षांचे मानधन प्रकल्पाच्या खर्चात धरलेले असावे. सयाजीराव महाराजांनी १८९३ मध्ये अमरेली तालुक्यात सक्तीचे शिक्षण सुरू केले आणि १९०६ मध्ये ते राज्यभर नेले. १९१० मध्ये अमेरिकेहून विल्यम बोर्डन यांना बोलावून सार्वजनिक ग्रंथालयांची व्यवस्था उभी केली. वाचायला शिकवणे आणि वाचायला देणे ही दोन्ही कामे राज्याची आहेत असे त्यांनी मानले. मोडीच्या कागदांनाही दोन्ही लागू पडतात.

वाचकांनी उतरवलेली पाने आणि त्यांवर शिकवलेले मॉडेल सार्वजनिक राहतील, असा करार पहिल्या दिवशी लेखी झाला पाहिजे. अभिलेखागाराची चित्रे आणि स्वयंसेवकांचे श्रम घेऊन एखाद्या कंपनीने मॉडेल करायचे आणि मग शोधायचे पैसे लावायचे, असे होऊ देऊ नये. प्रत्येक पानावर तीन गोष्टी दिसाव्यात: मूळ चित्र, यंत्राचे वाचन, आणि तपासले असेल तर कोणी व केव्हा. न तपासलेल्या वाचनाला दाखल्यासाठी किंवा संदर्भासाठी ग्राह्य धरू नये, असा नियम अभिलेखागाराने करावा आणि तो पानाच्या चित्रावरच छापावा, म्हणजे चित्र कुठेही फिरले तरी नियम त्याच्याबरोबर जाईल.